राजवाडा शेवटी पाहा: जर्मन संस्थानी शहरं आणि त्यांच्या बागा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलगा स्टुटगार्टला नोकरीला आहे, मे महिन्यात तुम्ही दोघं आणि सासूबाई दोन आठवडे त्याच्याकडे येताय. सासूबाईंना झाडाझुडपांची मनापासून आवड. जो तो ‘नॉयश्वानस्टाइनचा किल्ला बघाच’ म्हणतो, पण तुमच्या वाचनात ‘रेसिडेन्झ’ शहरांचा उल्लेख आला. आता तुम्ही विचारताय की ही शहरं म्हणजे नेमकं काय, त्यांच्या बागा सगळ्या सारख्याच का, आणि वेळ थोडा असेल तर कुठे जावं.

मी मूळची सातारची, शिक्षणाने लँडस्केप आर्किटेक्ट. गेली बावीस वर्षं जर्मनीत जुन्या बागांच्या जतनाचं काम करते आहे. विषय जिव्हाळ्याचा आहे, त्यामुळे उत्तर लांबणार.

आधी सरळ सांगते. एकच दिवस मिळत असेल तर श्वेट्झिंगेन. दोन दिवस असतील तर जोडीला कार्ल्सरूह. बुधवार किंवा रविवार मोकळा काढता आला आणि थोडी धावपळ चालत असेल तर कासेल. आणि कुठेही गेलात तरी बाग आधी, राजवाडा शेवटी. बहुतेक पर्यटक उलट करतात. तासभर दालनं बघून पाय दुखायला लागले की बागेत दहा मिनिटं फोटो काढून निघतात. या जागा ज्यांनी रचल्या त्यांनी त्या चालत बघण्यासाठी रचल्या होत्या. राजवाड्यातली झुंबरं थकल्या पायांनीही बघता येतात, बाग येत नाही.

नॉयश्वानस्टाइन बघायला हरकत नाही, डोंगर सुंदरच आहे. पण ते बांधकाम १८६९ साली सुरू झालं, बव्हेरियाच्या दुसऱ्या लुडविग राजाच्या एकट्याच्या ध्यासातून. त्याच्याभोवती शहर वसलं नाही, तिथे दरबार भरला नाही. तुम्ही विचारताय ती गोष्ट त्याच्या दीडशे-दोनशे वर्षं आधीची आहे.

तेव्हा जर्मनी नावाचा एकसंध देश नव्हता. १६४८ मध्ये तीस वर्षांचं युद्ध संपलं त्या वेळी या मुलखात तीनशेच्या आसपास लहान-मोठी राज्यं होती. ड्यूक, मार्कग्राफ, लँडग्राफ अशा किताबांचे राजे, आणि धर्मसत्ता व राजसत्ता दोन्ही एकाच हातात ठेवणारे बिशप. वर नावाला सम्राट, पण आपापल्या हद्दीत प्रत्येक जण धनी. म्हणून मी त्यांना संस्थानं म्हणते, मराठी माणसाला तेवढ्या एका शब्दात निम्मं चित्र दिसतं. युद्धाने गावं ओस पडली होती. पुढच्या शंभर वर्षांत ज्याच्या गाठीला पैसा आला त्याने गल्लीबोळांचं जुनं गाव सोडलं, सपाट मोकळी जमीन बघितली आणि नवा वाडा, वाड्यापुढे नवं गाव, वाड्यामागे बाग असा एकाच कागदावरचा आराखडा जमिनीवर उतरवला. तुम्ही वाचलेली ‘रेसिडेन्झ’ शहरं ती हीच, धन्याच्या वाड्याची. गावाचा मुख्य रस्ता आणि बागेची मधली वाट ही एकच रेघ असते, वाडा तिच्यावर मध्ये बसवलेला. ही रेघ एकदा डोळ्यांना सापडली की कोणतंही संस्थानी शहर वाचता येतं.

ती सगळ्यात ठसठशीत दिसते कार्ल्सरूहला. बाडन-डुर्लाखचा मार्कग्राफ कार्ल विल्हेल्म याने १७ जून १७१५ रोजी जंगलात एका मनोऱ्याचा पाया घातला. शिकारीला गेला असता झाडाखाली डोळा लागला आणि स्वप्नात हे शहर दिसलं, अशी दंतकथा आहे. कार्ल्सरूह म्हणजे कार्लची विश्रांती. मनोऱ्यापासून बत्तीस सरळ रेघा चहूबाजूंनी काढल्या. त्यातल्या नऊ दक्षिणेकडे गावाचे रस्ते झाल्या, बाकीच्या बागेतून आणि पुढे जंगलातून गेल्या. वरून पाहिलं तर गाव उघडलेल्या पंख्यासारखं दिसतं, पण मी तुम्हाला ते खालून बघायला सांगेन. बाजाराच्या मोठ्या रस्त्यावरून सावकाश चाला आणि उत्तरेला जाणारी प्रत्येक गल्ली आली की मान वळवा. गल्लीच्या टोकाला दर वेळी तोच मनोरा. आपण कुठेही असलो तरी धनी आपल्याला पाहतो आहे, ही भावना दगडविटांत कशी बांधतात हे मला शाळेत कुणी शिकवलं नव्हतं, या रस्त्यावर कळलं. मग मनोरा खुला असेल तर वर चढा आणि तीच गोष्ट धन्याच्या जागेवरून बघा.

नुसत्या रेघा आखून माणसं येत नाहीत. मार्कग्राफने त्याच वर्षी सनद काढली: जो येऊन घर बांधेल त्याला जमीन फुकट, काही वर्षं करमाफी, धर्माचं स्वातंत्र्य. असं गाव वसलं. स्वतः मार्कग्राफ ट्युलिपच्या फुलांसाठी वेडा होता. हजारो जातींचे कंद त्याने जमवले आणि चित्रकारांकडून त्यांची चित्रं काढून घेतली. बाजारचौकात एक लालसर दगडी पिरॅमिड आहे, त्याखाली तो पुरलेला आहे. आज त्याच्या बागेच्या कडेला, वाड्याच्या अगदी शेजारी, जर्मनीचं संविधान न्यायालय काचेच्या साध्या इमारतीत बसतं. तिथून जाताना मला दर वेळी बरं वाटतं.

लुडविग्सबुर्ग तर स्टुटगार्टहून लोकलने जवळच आहे. व्युर्टेम्बेर्गच्या एबरहार्ड लुडविगने १७०४ मध्ये शिकारीचा बंगला म्हणून सुरुवात केली आणि बांधता बांधता चारशेहून जास्त खोल्यांचा वाडा आणि एक अख्खं गाव झालं. तिथली बाग मात्र १९५४ मध्ये फुलांच्या कायम प्रदर्शनासारखी नव्याने मांडलेली आहे. सासूबाईंना रंग बघून आनंद होईल, जरूर न्या. जुनी बाग बघितली असं मात्र समजू नका.

आता श्वेट्झिंगेन. ऱ्हाइनच्या सपाट खोऱ्यात, हायडेलबेर्ग आणि मानहाइमच्या मधलं छोटं गाव. या मुलखाचा राजा हायडेलबेर्गच्या टेकडीवरून १७२० मध्ये मानहाइमला उतरला. चर्चवरून हायडेलबेर्गच्या प्रोटेस्टंट नागरिकांशी त्याचं बिनसलं होतं. मानहाइमला त्याने प्रचंड वाडा बांधला, गावाचे रस्ते बुद्धिबळाच्या पटासारखे, आजही तिथे रस्त्यांना नावं नाहीत, चौकोनांना अक्षर आणि आकडा आहे. उन्हाळ्यात मात्र दरबार श्वेट्झिंगेनला जाई. राजा कार्ल थिओडोर संगीताचा आणि बागेचा भक्त. १७६३ च्या उन्हाळ्यात सात वर्षांचा मोत्झार्ट इथे दरबारापुढे वाजवून गेला.

बागेत शिरायचं ते वाड्याच्या कमानीतूनच. कमान अंधारी, वाडा तसा साधाच, आणि पलीकडे एकदम एवढं मोकळं की पहिल्यांदा आलेला प्रत्येक माणूस दोन पावलं टाकून थांबतो. तुम्हीही थांबा. समोर एक वर्तुळ आहे. वाड्याच्या दोन बाजूंनी अर्धचंद्रासारख्या वळलेल्या एकमजली इमारती निघतात, समोरच्या अंगाला तशाच वळणाचे वेलींचे मांडव आहेत, आणि चौघं मिळून गोल पूर्ण करतात. १७५३ मध्ये योहान लुडविग पेट्री या माळ्याने हा गोल आखला. त्या काळच्या इतर राजेशाही बागांत वाड्यापुढचा फुलांचा गालिचा लांबट चौकोनी असतो, फ्रान्सच्या व्हर्साय राजवाड्याच्या धर्तीवर. गोलात उभं राहिलं की चौकोनासारखं एका दिशेला ओढलं जायला होत नाही, माणूस मध्ये स्थिरावतो. तरीही मधली रेघ आहेच, आणि तिची दोन्ही टोकं बागेबाहेर आहेत. मागे पूर्वेला हायडेलबेर्गजवळचा क्योनिगश्टूल डोंगर, समोर पश्चिमेला, ऱ्हाइनच्या पलीकडे, काल्मिटचा डोंगर. दोन डोंगरांमध्ये ताणलेल्या दोरीवर ही बाग बसवली आहे. हवा स्वच्छ असेल तर मधल्या वाटेवर उभं राहून समोर बघा, काल्मिट दिसतो.

सासूबाईंना इथे वाफ्यांजवळ नेऊन एक गोष्ट दाखवा. कडेच्या अरुंद पट्ट्यांत फुलझाडं एकमेकांना चिकटून नाहीत, एकेक सुटं आहे, मध्ये माती दिसते. आजच्या सार्वजनिक बागांत झेंडू किंवा पिटुनिया दाटीने भरून रंगाचा पट्टा करायची सवय झाली आहे. अठराव्या शतकात फूल महाग होतं. एक ट्युलिप, त्यापासून वीतभर अंतरावर दुसरं काही, अशी लागवड असे. प्रत्येक रोपापुढे थांबून त्याच्याकडे बघायचं. आम्ही जुन्या यादीप्रमाणे वाफे लावतो तेव्हा लोक तक्रार करतात की बाग विरळ दिसते. ती विरळ नाही. पाहुण्यांना एकेकाला ओळख करून देतात तशी ती मांडलेली आहे.

मग सरळ वाट सोडून कडेला वळा. इथे या बागेची दुसरी गंमत आहे. निकोला द पिगाज या वास्तुकाराने झाडीत लपवून छोट्या छोट्या जागा केल्या. एक जागा माझी फार लाडकी: जाळीच्या गोलात उंचावर बसलेले पक्षी खाली बसलेल्या घुबडावर चोचींतून पाण्याच्या धारा सोडतात. तिथून पुढे जाळीचा एक लांब, काळोखा बोगदा लागतो आणि त्याच्या टोकाला उजेडात न्हालेली नदी, झाडं, दूरचं आकाश. जवळ गेलं की कळतं, भिंतीवर चित्र आहे आणि वरून खरा उजेड पडतो आहे. त्याला ‘जगाचा शेवट’ म्हणतात. मुलं चित्राला हात लावायला धावतात, आणि मी साठीच्या माणसांनाही तिथे धावताना पाहिलं आहे.

आणि मशीद. हो, या बागेत दोन मिनारांची, घुमटाची मशीद आहे. नमाजासाठी बांधलेली नाही, बागेतली वास्तू म्हणूनच बांधलेली, १७७९ ते १७९५ या काळात. पुढे छोट्या घुमटांची चौकोनी ओसरी, भिंतींवर अरबी आणि जर्मन सुवचनं. अरबीत चुका आहेत, कारण कोरणाऱ्याला ती भाषा येत नव्हती. पण भाव टिंगलीचा नाही. परक्या धर्माचं शहाणपण आदराने मांडावं अशी त्या काळच्या विचारी लोकांची इच्छा होती, आणि भिंतीवरची वचनं वाचलीत तर ती पटते. तळ्याच्या पलीकडून बघा, मिनार पाण्यात दिसतात.

ही बाग इतकी शाबूत कशी राहिली? कार्ल थिओडोरला १७७७ च्या अखेरीस बव्हेरियाचं राज्य वारशाने मिळालं आणि दरबार उठून म्युनिकला गेला. पैसे येत राहिले, कामं चालू राहिली, पण राहायला कुणी आलं नाही. नवा धनी आला की बाग नव्या तऱ्हेने करतो, ते इथे घडलंच नाही. गाव मात्र पोरकं झालं असणार. दरबारावर जगणारे वादक, शिंपी, आचारी, पाणके यांचं काय झालं असेल, हा विचार मला त्या वर्तुळात उभं राहून नेहमी येतो.

याच बागेच्या टोकाला वाटा वाकड्या व्हायला लागतात. हे फ्रीडरिश लुडविग स्केल याचं काम. वडील इथे दरबारी माळी, मुलाला राजाने इंग्लंडला शिकायला पाठवलं. तिथून तो नवी नजर घेऊन आला: सरळ रेघ नको, वाट अशी जावी की वळणापलीकडे काय आहे याची ओढ लागावी. १७८९ मध्ये म्युनिकची मोठी लोकबाग सुरू झाली, पुढे तिला आणि निम्फेनबुर्गच्या बागेला त्यानेच रूप दिलं. त्याने आपली पद्धत लिहून ठेवली आहे. टोकाला लोखंड बसवलेली उंच काठी हातात घ्यायची, नजर दूर ठेवून चालायचं आणि चालता चालता काठीने मातीत वाट ओढत जायची, मागून गडी खुंट्या ठोकत येतात. कागदावर आखलेली वळणं पायांना खोटी लागतात, असं त्याचं म्हणणं. मी हे स्वतः करून पाहिलं आहे. कंपासने काढलेलं वळण आणि चालून काढलेलं वळण यातला फरक डोळे मिटून चाललं तरी कळतो.

मे महिन्यात श्वेट्झिंगेनला जाताय तर दुपारचं जेवण गावातच घ्या. हे गाव पांढऱ्या शतावरीचं. मातीच्या उंच वरंब्यांत पुरून वाढवलेले कोंब, उजेड न लागल्यामुळे पांढरे राहिलेले. हंगाम २४ जूनला संपतो, त्या दिवसानंतर कापणी थांबवायची म्हणजे झाडाला पुढच्या वर्षासाठी ताकद धरता येते. बटाटे आणि लोण्याच्या सॉसबरोबर मिळते, तुम्ही शाकाहारी असाल तर ‘हॅम नको’ एवढं आधी सांगा.

कासेल लांब आहे, एक रात्र काढून जा. तिथली गोष्ट रेघेपेक्षा पाण्याची. लँडग्राफ कार्लने इटलीहून जोव्हानी फ्रांचेस्को ग्वेर्निएरो या वास्तुकाराला बोलावलं आणि १७०१ ते १७१७ या काळात डोंगराच्या माथ्यावर दगडी अष्टकोन, त्यावर टोकदार पिरॅमिड आणि त्याच्याही वर तांब्याचा हर्क्युलिस उभा केला. सगळं मिळून सत्तर मीटरच्या वर, त्यात पुतळाच आठ मीटरहून उंच. मूळ आराखड्यातल्या पायऱ्यांचा धबधबा थेट खालच्या वाड्यापर्यंत जायचा होता, जेमतेम तिसरा हिस्सा झाला. तो तिसरा हिस्साच बघून छाती दडपते.

इथे १ मे ते ३ ऑक्टोबर या काळात बुधवारी, रविवारी आणि सणाच्या सुट्ट्यांना दुपारी अडीच वाजता हर्क्युलिसखाली पाणी सोडतात. एकही पंप नाही. डोंगरमाथ्यावरच्या तळ्यांत आणि चरांत साठवलेलं पाऊसपाणी निव्वळ उताराने खाली येतं, आणि माणसं हाताने झडपा उघडतात. पायऱ्यांवरून ते घरंगळतं, आणि लोक पाण्याबरोबर डोंगर उतरतात. पाणी पुढे झाडीत नाहीसं होतं, मग रानातल्या खडकांवरून पुन्हा फुटतं, मग एका दगडी पुलाखालून, मग पडक्या रोमन पाटासारख्या बांधलेल्या उंच कमानींच्या टोकावरून खोल दरीत कोसळतं. पावणेचारच्या सुमारास सगळे तळ्याकाठी जमलेले असतात. क्षणभर काहीच होत नाही. मग वरच्या साठ्याच्या नुसत्या दाबाने पन्नासेक मीटर उंच धार उसळते आणि शेकडो माणसं एकदम श्वास घेतात. मी किती वेळा पाहिलं याची मोजदाद नाही, तरी दर वेळी मीही घेते. दुरुस्तीमुळे एखादा टप्पा बंद असू शकतो, म्हणून निघण्याआधी वेळापत्रक तपासून घ्या. सासूबाईंचे गुडघे दुखत असतील तर त्यांना बसने वर न्या आणि उतारानेच चालू द्या, चढ टाळा.

या पाण्याच्या मागे काय होतं तेही सांगते. हेसेन-कासेलची मोठी मिळकत होती आपले सैनिक परक्या राजांना भाड्याने देण्याची. अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात इंग्रजांच्या बाजूने लढायला इथून हजारो शेतकऱ्यांची पोरं पाठवली गेली, बरीच परतली नाहीत. बाग सुंदर आहे म्हणून हे विसरू नये, आणि हे खरं आहे म्हणून बागेकडे पाठही फिरवू नये, असं मला मनापासून वाटतं.

डोंगर नसला की पाण्याचं काय होतं ते बर्लिनजवळच्या पॉट्सडामला कळतं. प्रशियाच्या दुसऱ्या फ्रीडरिश राजाने १७४४ मध्ये द्राक्षांसाठी टेकडीला सहा वक्र पायऱ्या पाडल्या, वर सांसुसीचा छोटा वाडा बांधला आणि खाली मोठं कारंजं मांडलं. पाणी पवनचक्क्यांनी टेकडीवर चढवायचं आणि पोखरलेल्या लाकडी नळांतून खाली आणायचं, असा बेत. दाब येताच नळ फुटले. युद्धं जिंकणाऱ्या या राजाला हयातभर आपलं कारंजं नीट उडताना बघायला मिळालं नाही. ते उडालं १८४२ मध्ये, बोर्सिश कारखान्याच्या वाफेच्या इंजिनाने. ते इंजिन ज्या घरात ठेवलं ते पुन्हा मशिदीच्या रूपात, मिनार म्हणजे धुराडं. हॅनोव्हरच्या हेरेनहाउझेन बागेचीही हीच कथा: सपाट जमीन, पाणी चढेना, सल्ला द्यायला खुद्द तत्त्वज्ञ लाइबनिट्स. त्याच्या मृत्यूनंतर काही वर्षांनी धार पस्तीस मीटरवर गेली. ही बाग राणी सोफीची. ‘ही बागच माझं जीवन’ असं मानणारी ही बाई १७१४ च्या जूनमध्ये बागेत फिरत असताना पाऊस आला म्हणून धावली, कोसळली आणि तिथेच गेली. दोन महिन्यांत तिचा मुलगा इंग्लंडचा राजा झाला. कोणतीही दोन पानं तंतोतंत सारखी नसतात, हे लाइबनिट्सचं म्हणणं खोटं पाडायला याच बागेत एक दरबारी हुबेहूब सारखी दोन पानं शोधत फिरला होता. त्याला सापडली नाहीत. नातवंडांबरोबर गेलात तर हा खेळ जरूर खेळा.

पूर्वेकडे जायला जमलं तर एकच नाव घेईन, देसाउजवळचं व्योर्लिट्झ. अनहाल्ट-देसाउचा राजा लिओपोल्ड तिसरा, फ्रान्झ, आणि त्याचा वास्तुकार-मित्र एर्डमान्सडोर्फ यांनी इंग्लंड पाहून येऊन १७६० च्या दशकापासून ही बाग केली. कुंपण नाही, तिकीट नाही, पहिल्यापासून कुणीही यावं. शेतं, गुरांची कुरणं, पुराचा बांध, सगळं बागेतच धरलेलं. दाराशी येणाऱ्या प्रत्येक वाटेवर पाण्यापलीकडचं काहीतरी नेमकं दिसेल अशी झाडीत खिडकी कापलेली आहे. अशाच एका जागेवरून ख्रिस्ती चर्चचा मनोरा आणि ज्यूंचं गोल प्रार्थनाघर एका नजरेत येतात. ते प्रार्थनाघर राजाने १७८९-९० मध्ये बांधून दिलं. १९३८ च्या नोव्हेंबरात देशभर ज्यूंची प्रार्थनाघरं जाळली जात होती, तेव्हा हान्स हालरफोर्डन हे इथले अधिकारी जमावाच्या आड आले. इमारत वाचली, त्यांची नोकरी गेली. माझ्या पेशातल्या माणसाने केलेलं हे काम मला कोणत्याही रचनेपेक्षा मोठं वाटतं.

वायमार वाटेत आलं तर इल्म नदीकाठची बाग चालून या आणि कवी ग्योटेचं साधं बागघर बघा. १७९१ मध्ये गेओर्ग फोर्स्टरने ‘शाकुंतल’ जर्मनमध्ये आणलं आणि ग्योटेने ते वाचून लगेच त्याच्यावर चार ओळींचं कवन केलं, ते याच गावी.

आपल्याशी जोडलेला आणखी एक धागा ड्रेस्डेनचा आहे. एल्बेकाठी पिल्निट्झच्या राजबागेत १८०१ मध्ये लावलेला कॅमेलिया अजून उभा आहे. थंडीत त्याच्यावर रुळांवरून चालणारं चोपन्न टनांचं काचघर सरकवतात आणि वसंतात बाजूला घेतात. मेपर्यंत फुलं संपलेली असतात, पण घर बघण्यासारखं आहे. या पिल्निट्झला शिकलेला एक माळी, गुस्ताव हेरमान क्रुंबीगेल, आधी लंडनच्या क्यू उद्यानात गेला आणि तिथून १८९३ मध्ये सयाजीराव गायकवाडांच्या बडोद्याला. पुढे १९०८ पासून बेंगळुरूचं लालबाग त्याने घडवलं. बेंगळुरूच्या रस्त्यांवर एक झाड फुलायचं थांबतं तोवर दुसरं फुलायला लागतं, त्या योजनेमागे तोच. सॅक्सनीच्या दरबारी माळीकामाची तालीम मराठी संस्थानिकाच्या नोकरीत आली, हे आपल्याकडे फारसं बोललं जात नाही.

आता तुमच्या तारखांबद्दल. मेची निवड चांगली, पण १५ मेच्या आधी आणि नंतर बाग वेगळी दिसते. इथे ११ ते १५ मे या दिवसांना ‘बर्फाळ संत’ म्हणतात. शेवटचा दिवस ‘थंड सोफी’चा. तोवर रात्री हिमकडाका पडू शकतो. दरबारांना संत्री-लिंबांचं भारी वेड होतं आणि ही झाडं मोठ्या लाकडी कुंड्यांत लावून हिवाळाभर ‘ओरांजरी’ नावाच्या उंच खिडक्यांच्या इमारतीत ठेवत. आजही तसंच चालतं. थंड सोफी गेली की कुंड्या बाहेर.

माझ्या पहिल्याच वर्षी, एका वाड्याच्या बागेत, एप्रिल उबदार गेला म्हणून मी अकरा कुंड्या ३ मे रोजीच बाहेर काढायला लावल्या. जुने माळीकाका नको म्हणत होते. १२ तारखेच्या पहाटे कडाका पडला. सकाळी गेले तर लिंबांची नवी पालवी उकळतं पाणी ओतल्यासारखी काळी होऊन लोंबत होती. काका एक शब्द बोलले नाहीत. त्यांनी दोन कातऱ्या आणल्या, एक माझ्या हातात दिली, आणि आम्ही दिवसभर छाटत बसलो. त्यातलं सव्वाशे वर्षांचं एक झाड सावरायला तीन वर्षं लागली. त्यानंतर मी कधीही पंचांग मोडलेलं नाही.

म्हणून जमल्यास श्वेट्झिंगेन २० मेनंतर ठेवा. वसंतातले ट्युलिप उपटून उन्हाळी रोपं लावण्याच्या मधले काही दिवस वाफे उघडे दिसतात, तेव्हा नाराज होऊ नका, माळी काय करतात ते उभं राहून बघा. कुठे झाडी जाळीने बंद केलेली असेल, कुठे मोठ्या झाडाच्या जागी कमरेएवढं रोप असेल. २०१८ पासूनच्या कोरड्या उन्हाळ्यांनी जुने बीच वृक्ष मोठ्या संख्येने वाळले आहेत, पॉट्सडामला हे फार जाणवतं. वाफ्यांच्या कडेची बॉक्स नावाच्या झुडपाची बुटकी कुंपणं, जी दिसायला आपल्या मेंदीच्या कुंपणासारखी असतात, ती पूर्व आशियातून आलेल्या एका पतंगाच्या अळ्या खाऊन टाकतात. २००७ च्या सुमारास ही कीड जर्मनीत आली आणि आमची झोप उडाली.

वाटांवर बारीक खडी असते, सपाट आणि जाड तळव्याचे बूट घाला. साडी नेसणार असाल तर चार बोटं वर नेसा. फुलांच्या गालिच्याच्या हिरवळीवर बसू देत नाहीत, मागच्या इंग्रजी धर्तीच्या भागात बहुतेक ठिकाणी चालतं. श्वेट्झिंगेन आणि हेरेनहाउझेनला बागेचं तिकीट आहे. पॉट्सडामला आणि कासेलला बाग मोकळी. व्युर्त्सबुर्गला उतरलात तर वाड्यामागची बाग तटाच्या बुरुजाच्या कोनाड्यात कशी कोंबून बसवली आहे तेवढं बघा, सपाट जागा नाही म्हणून तिला जिन्यांनी वर चढवलं आहे. तिथे मात्र माझा नियम मोडून राजवाडा आत जाऊन बघाच, इटालियन चित्रकार टिएपोलोने रंगवलेलं छत राजवाड्याच्या आतल्या मोठ्या जिन्यावर आहे.

आणि सासूबाईंसाठी एक. श्वेट्झिंगेनला कुंड्या बाहेर आल्या असतील तर लिंबांना कळ्या असतात. सकाळी दार उघडल्या उघडल्या आत गेलात तर वर्तुळात दुसरं कुणी नसतं आणि तो वास अंगणातल्या लिंबाचाच येतो.